अर्धा शेर गंधक

टप्प.

दुपारचं घर इतकं गप्प होतं, की आतल्या खोलीत पत्र्याच्या ट्रंकेवर काहीतरी पडलं ते सत्यभामेला ओसरीवर बसून ऐकू आलं. सासूबाई देवापुढं लवंडल्या होत्या, मामंजी पारावर गेले होते आणि चार वर्षांची छबी तिच्या मांडीवर तोंड उघडं टाकून झोपली होती. असल्या अर्ध्या घटकेची सत्यभामा सकाळपासून वाट बघायची. ती आली की पदराची गाठ सोडायची, हैदराबादेहून आलेलं पत्र काढायचं, वाचायचं आणि परत बांधून ठेवायचं. अक्षरं तिला नवऱ्यानंच लग्नानंतर शिकवलेली, त्यामुळं वाचायला वेळ लागे. एका परीनं ते बरंच होतं. पत्र लवकर संपत नसे.

पत्र अर्थातच तिला नव्हतं, मामंजींना होतं. 'रजा बारा दिवसांची मंजूर झाली. यायला चार, घरी चार, जायला चार. दसऱ्याला पोचतो. चि. छबीस व सर्वांस आशीर्वाद.' त्या 'सर्वांस'मध्ये आपला वाटा किती, याचा सत्यभामेनं बराच विचार केला होता. आईवडिलांना साष्टांग नमस्कार वरच होऊन गेलेला. छबीचं नाव वेगळं घातलेलं. म्हैस काही आशीर्वाद घेण्याइतकी जवळची नव्हती. मग उरलं कोण?

ते पत्र मामंजींनी पारावर पाच जणांना वाचून दाखवून भिंतीतल्या दिवळीत ठेवलं होतं. दिवळीतून ते पदराच्या गाठीत कसं गेलं, हे घरात कुणी विचारलं नाही.

छबीला हलकेच खाली ठेवून ती आत गेली. ट्रंकेवर कोळी बसला होता. तळहाताएवढा, पाय पसरून, जेवायला उशीर झालेल्या पाहुण्यासारखा.

"मेल्या," सत्यभामा हळूच म्हणाली, "तूच का रे त्यो?"

आता इथं एक गोष्ट सांगायला हवी, जी तिनं कुणालाच सांगितलेली नव्हती. छबीचे बाबा भित्रे नव्हते. भर पुरात गोदावरी ओलांडलेला तो माणूस. गोठ्यात नाग निघाला तेव्हा एकटे काठी घेऊन आत गेलते. हैदराबादेच्या कचेरीत मोठ्या साहेबासमोर न अडखळता बोलतात, असं मामंजी सांगत. पण गेल्या वर्षी पौषात चार दिवसांसाठी घरी आले, आणि पहिल्याच रात्री वरून हा प्राणी त्यांच्या उघड्या छातीवर पडला. त्यांच्या तोंडून जो आवाज निघाला तो ऐकून मामंजी काठी घेऊन धावले.

"काय झालं रे गहिन्या?"

"काही न्हाई नाना. उकडतंय."

आणि घोंगडीवर घोंगडी घ्यायच्या त्या दिवसांत हे उकडणारे गृहस्थ अंथरूण काखेत मारून ओसरीवर वडिलांच्या शेजारी जाऊन झोपले. चारही रात्री. सासूसासऱ्यांदेखत सुनेनं नवऱ्याशी बोलायची घरात रीत नव्हती. वर्षभराचं बोलणं सत्यभामेनं मनात घड्या घालून ठेवलेलं. ते घड्या न मोडताच परत ठेवावं लागलं. आता त्यावर आणखी एका वर्षाचं चढलं होतं.

यंदा त्या खोलीत एकही कोळी राहता कामा नये. दसऱ्याला महिना होता.

तिनं वेळूला केरसुणी बांधली आणि जळमटं काढायला सुरुवात केली. सासूबाई, म्हणजे वच्छलाबाई, दारात येऊन उभ्या राहिल्या.

"काय चाललंय गं?"

"दसरा काढतेय, आत्याबाई."

"आत्ता? अजून भादवा सरायचाय. गौरी परवा उठल्या. कावून येवढी घाई?"

याचं उत्तर सत्यभामेपाशी होतं, पण ते सासूला देण्याजोगं नव्हतं. ती वेळू हलवत राहिली.

जळमटं निघाली. दुसऱ्या दिवशी परत आली. आपल्याकडच्या माळवदाची रचनाच अशी, की खाली तुळया, तुळयांवर फळ्या आणि फळ्यांवर हातभर माती. त्या फळ्यांच्या फटींत कोळ्यांच्या किती पिढ्या नांदल्या असतील, कुणी सांगावं. मामंजींच्या वडिलांनी घर बांधलं म्हणतात, पण कोळ्यांचं म्हणणं बहुधा वेगळं असावं.

मग सासूबाईंनी उपाय सांगितला. कडुनिंबाच्या पाल्याचा धूर. सत्यभामेनं घमेलंभर पाला पेटवून खोलीत ठेवला आणि दार ओढून घेतलं. धुरानं खोलीत थांबायचं कारण नव्हतं. तो फटीतून निघाला आणि थेट सासूबाईंच्या डोळ्यांत गेला. म्हशीनं खुंटा उपटला. कोळीही निघाले, नाही असं नाही. रांगेनं निघाले, भिंतीवरून देवघरात गेले, अख्खी दुपार देवाच्या सहवासात काढली आणि दिवेलागणीला पवित्र होऊन आपापल्या फटीत परतले.

तिसरा सल्ला भिंतीवरून आला. भिंतीपलीकडं खाजामियाँ फळवाल्याचं घर. त्याची बायको आमिनाबी सीताफळांची पहिली पाटी घेऊन डोकावली आणि सत्यभामेच्या हातात खराटा बघून किंचाळली.

"मारू नको गे बाई! तोबा! आमच्यात कोळ्याला मारत न्हाईत. पैगंबरसाहेब गुहेत लपलते, दुश्मन मागावर. यानंच तोंडावर जाळं इनलं, म्हून तर दुश्मन माघारी फिरले. लई उपकार हायेत त्याचे."

"पण आमिनाबी, त्यो खाली पडतो."

"पडंना का. कुणाच्या अंगावर पडतो?"

सत्यभामा लाल झाली. आमिनाबी चार लेकरांची आई होती. तिनं एक डोळा बारीक करून तिच्याकडं पाहिलं.

"हे बघ," ती म्हणाली, "वाटी पालथी घालायची, खालून पुठ्ठा सारायचा, आन् उचलून आमच्या बागंत सोडायचं. जीवाला जीवबी राहिला, तुझी खोलीबी मोकळी."

असे एकवीस कोळी सत्यभामेनं तीन दिवसांत उचलले. छबी वाटीवर हात ठेवून पुढं चालायची आणि रस्त्यात भेटेल त्याला सांगायची, की आमी पाव्हणे पोचवायला चाललोय. शेवटच्या कोळ्याला निरोप देताना आईचं लक्ष नसताना तिनं त्याच्या पाठीवर कुंकवाचं बोट लावलं. पाहुण्याला तसंच कसं पाठवायचं?

चौथ्या दिवशी सत्यभामा अंथरुणं झटकत होती, आणि वरच्या फटीतून एक कोळी सावकाश खाली उतरला. पाठीवर कुंकू होतं.

छबीला फार आनंद झाला. सत्यभामा मात्र ट्रंकेवर बसली आणि डोळ्यांना पदर लावून रडू लागली. हे रडणं मामंजींनी पाहिलं.

मामंजी, म्हणजे अर्जुनराव, तीस वर्षं करोडगिरीच्या, म्हणजे जकातीच्या, नाक्यावर मोहरीर, म्हणजे कारकून, होते. नाक्यावरून जाणाऱ्या प्रत्येक गाठोड्याची नोंद त्यांनी अशा उर्दूत केलेली, की तहसीलदारांनी म्हणे एकदा हळदीच्या पोत्याची नोंद दोनदा वाचली होती. घरी बसल्यापासून दोन वर्षांत त्यांच्या हातून एक अर्जी गेली नव्हती. माणूस वाळत चालला होता.

"गंधक," ते खाकरून म्हणाले. "गंधकाचा धूर दिला की मुंगीसुदिक राहत न्हाई. आणतो अर्धा शेर."

पण वाण्यानं हात जोडले. गंधकाची दारू होते, दारूनं बंदुका उडतात, तवा तहसीलीची चिठ्ठी असल्याशिवाय छटाकभरबी मिळायचा न्हाई. दुसरा माणूस हे ऐकून खचला असता. अर्जुनराव मात्र वीस वर्षांनी तरुण होऊन परतले. वाटेतच त्यांनी बोरू तासायला काढला.

अर्जी लिहिणं तीन दिवस चाललं. घरात पाऊल न वाजवता चालायचा हुकूम झाला. तिसऱ्या दिवशी त्यांनी सगळ्यांना ओसरीवर बोलावून ती खड्या आवाजात वाचली. सासूबाईंना त्यातलं अक्षर कळलं नाही, तरी त्यांनी शेवटी हात जोडले. म्हैस ऐकत होती. मग मामंजींनी सगळ्यांसाठी मराठीतून सांगितलं: घरावर अकस्मात बला कोसळली आहे, ती छतातून खाली पडते, पडून तडफडते, दिवसेंदिवस संख्येनं वाढते आहे, घरातल्या बायामाणसांची झोप उडाली असून सून रडते आहे, आणि परगावी चाकरीला असलेल्या मुलाचं घरी येणं धोक्यात आलं आहे, सबब धुरी देण्यासाठी अर्धा शेर गंधक मिळावा.

सत्यभामा दाराआडून ऐकत होती. तिनं छबीच्या कानात सांगितलं. सासऱ्याशी बोलायचं झालं तर घरात हाच रस्ता होता.

"आजोबा," छबी म्हणाली, "आई इचारती, यात कोळी कुठं हाय?"

अर्जुनरावांनी चष्मा कपाळावर चढवला. "तिला म्हणावं, ज्या माणसानं तीस वर्सं सरकारी मोहोर सांभाळली, त्यानं कोळ्यासाठी सरकारला अर्ज करायचा? तहसीलीतली कालची पोरं दात काढतील. जीव केवढाबी असू दे, अर्जीत शब्द मोठाच लागतो."

अर्जी गेली. घट बसले. माळेमागून माळ चढू लागली. चिठ्ठी आली नाही. पंचमीच्या सकाळी मात्र दारात चार माणसं उभी राहिली: साफसफाईचे दारोगा वाहेदमियाँ, दोन शिपाई, आणि चुन्याची बादली घेतलेला एक रंगारी. चौघांच्याही नाकावर फडकी बांधलेली.

"अर्जुनराव मोहरीर आपणच?" दारोगा उंबऱ्याबाहेरूनच म्हणाले. "अर्जी पोचली. वाचून तहसीलदारसाहेबांच्या डोळ्यात पाणी आलं."

अर्जुनराव किती वर्षांनी असे ताठ उभे राहिले होते.

"छतातून पडतात म्हणता?"

"पडतात."

"तडफडतात?"

"डोळ्यांदेखत."

"आजवर किती पडले?"

"एकवीस!" छबी पुढं येऊन म्हणाली. "मी आन् आईनं हातानं उचलून आमिनाबीच्या बागंत सोडले!"

दारोगा तीन पावलं मागं सरकले. शिपाई पाच. त्यांची नजर सासूबाईंच्या लाल डोळ्यांवर गेली. ते कडुनिंबाच्या धुरातून अजून सावरले नव्हते.

"ताऊन," दारोगा फडक्याआडून म्हणाले. "गाठीचा ताप. उंदीर असेच पडतात. घर रिकामं करा."

दोन वर्षांमागं गावात ती साथ येऊन गेली होती. शब्द ऐकताच गल्लीतली दारं धडाधड लागली. उघडं राहिलं एकच, आमिनाबीचं.

"अवं उंदीर न्हाई!" सासूबाई ओरडल्या. "कोळी हायेत कोळी!"

दारोगांनी अर्जी उलगडली. तीन पानं. खाली तहसीलीची मोहोर. ते अर्जुनरावांकडं वळले. "मोहरीरसाहेब, आपण ही तीन पानं कोळ्यांसाठी लिहिली?"

गल्लीतल्या प्रत्येक फटीत एकेक डोळा होता. दोन्ही शिपाई फडक्याआड गालात हसायच्या तयारीत होते. अर्जुनरावांनी एकदा अर्जीकडं पाहिलं, एकदा आभाळाकडं.

"अर्जीत जे लिवलंय," ते म्हणाले, "ते बरोबर लिवलंय."

नंतर दारोगांनीच सांगितलं, की अर्जुनराव खरं बोलले असते तरी उपयोग नव्हता. तहसीलीचा शेरा पडला होता. शेरा पुसायचा तर नवी अर्जी, तिची चौकशी, चौकशीवर शेरा. त्यालाही दहा दिवस. आणि साथीच्या घरातल्यांनी ओढ्यापलीकडच्या खोपटात राहायचं तेही दहाच दिवस. सरकारचा हिशेब बघता कुणाचंच नुकसान नव्हतं.

सासूबाईंनी घट डोक्यावर घेतला. नवरात्रात देवीला बंद घरात ठेवून जाणाऱ्यातल्या त्या नव्हत्या. माणसांच्या फर्दीत, म्हणजे यादीत, घटाची नोंद करायची की नाही यावर दारोगा बराच वेळ घुटमळले. शेवटी त्यांनी 'चार माणसं, एक म्हैस, एक देवी' असं लिहिलं आणि देवीपुढं रकाना मोकळा सोडला. रंगाऱ्यानं दारावर मोठी फुली काढली. मग सरकारनं घराला धुरी दिली. अर्जुनरावांनी अर्धा शेर मागितला होता. सरकारनं दहा शेर जाळला. पिवळा धूर ओढ्यापलीकडून दिसत होता. त्या खोलीत आता मुंगीसुद्धा उरणार नव्हती.

खोपटं कडब्याचं होतं. भोवती बाभळीच्या चार खुंट्या आणि त्यांना ताणलेली सुतळी. सुतळीच्या आत येईल त्यानं दहा दिवस आतच राहायचं, बाहेरच्यानं बाहेर. पहाऱ्याला एक शिपाई. सत्यभामेनं बोटं मोजली. पंचमीपासून दहा दिवस, सुटका कोजागिरीला. हे येणार दसऱ्याला, राहणार चार दिवस, निघणार चतुर्दशीला. तिनं परत मोजली. बोटं तेवढीच होती.

"सूनबाई," सासूबाई एके दिवशी म्हणाल्या, "त्या घरात मी तीस वर्सं राहिले. कोळी तवाबी हुते. तुलाच यंदा येवढे कावून खुपले?"

सत्यभामेनं चुलीत काटकी सारली. "डोळ्यात धूर गेला," ती म्हणाली, आणि डोळे पुसले.

दसऱ्याच्या दिवशी सगळं गाव शीव ओलांडायला निघालं. यांची शीव म्हणजे सुतळी, आणि ती ओलांडायला बंदी. दिवस कलला तेव्हा ओढ्याच्या वाटेवर खाजामियाँची गाडी दिसली. गाडीतून धुळीनं माखलेला एक माणूस उतरला, खांद्यावर वळकटी. तो सरळ चालत आला. शिपायानं काठी आडवी धरली.

"आत गेलात तर धा दिवस, साहेब."

छबीचे बाबा सुतळीपाशी थांबले. दहा दिवस म्हणजे नोकरी गेलीच. मध्ये पंधरा पावलं होती. सत्यभामेनं पदर पुढं ओढला आणि त्या पदराआडून, बऱ्याच काळजीपूर्वक, त्यांना पाहून घेतलं. वाळले होते. मिशी ठेवली होती. मिशीबद्दल पत्रात काहीच नव्हतं.

आपट्याची पानं सुतळीवरून आत आली. नमस्कार बाहेर गेले. ओवाळायचं ताट सत्यभामेनं हातात धरून ठेवलं होतं. ते तिनं पंधरा पावलांवरून, खोपटाकडं पाठ करून, कुणाला कळेल न कळेल असं फिरवलं.

"छबे," पलीकडून आवाज आला. "तुझ्या आईला सांग, हैदराबादेहून मच्छरदाणी आणलीय."

"ते काय असतं?" सासूबाईंनी विचारलं. छबीच्या बाबांनी वळकटी उलगडली. पांढरं, झिरझिरीत, चारी बाजूंनी सोडायचं. "मासे धरायला आणलं व्हय रे गहिन्या? आपल्या ओढ्याला घोट्याएवढं तर पाणी."

"डासांसाठी, माय. खाटेवर बांधायची. वरून... वरून काय बी पडत न्हाई मग."

"डास वरून पडतेत?" अर्जुनरावांनी विचारलं.

छबीच्या बाबांनी ओढ्याकडं पाहिलं. सत्यभामेनं पदराचा बोळा तोंडात धरला. तिला हसू येत होतं आणि ते थांबेना. वर्षभर हा माणूस तिकडं कचेरीत बसून त्याच एका खोलीची चिंता करत होता! ती इथं एकवीस कोळी पोचवत होती आणि तो तिथं चारमिनारच्या बाजारात एकेक जाळी उजेडाकडं धरून भोकं बघत होता. हसता हसता तिचे डोळे भरून आले, आणि या वेळी जवळपास धूरही नव्हता.

चार दिवस ते खाजामियाँच्या ओसरीवर झोपले आणि सकाळ-संध्याकाळ सुतळीपाशी येऊन बसले. मामंजी त्यांच्याशी तहसीलीच्या कारभाराबद्दल बोलले. सासूबाई त्यांच्या मिशीबद्दल बोलल्या. सत्यभामेनं भाकरी थापल्या, आणि रोजच्यापेक्षा जास्त थापल्या, कारण तव्याचा आवाज तरी पलीकडं जात होता. मच्छरदाणी खोपटात बांधली. छबी तीत झोपली. त्रयोदशीला सकाळी पाहिलं, तर मच्छरदाणीच्या वरच्या कोपऱ्यात एक बारीकसा कोळी आपलं जाळं विणत होता. सत्यभामेनं खराटा उचलला, थोडा वेळ हातात धरला आणि परत ठेवून दिला.

चतुर्दशीला उजाडताच गाडी जुंपली. सगळे सुतळीशी आले. छबीचा निरोप्याचा धंदा जोरात होता. पलीकडून प्रश्न यायचा, ती धावत आत, उत्तर घेऊन धावत सुतळीपाशी, आणि मग दोन्ही हात तोंडाशी धरून अशी ओरडायची की ओढ्यावरचे बगळे उडत. पुढच्या खेपेला आजीला काय आणायचं? हिंग. आजोबाला? चांगली शाई, आणि कागद. जाड. पहाऱ्याच्या शिपायालाही अत्तराचा फाया हवा होता. छबीला बाहुली, तिचे हात-पाय हलले पाहिजेत.

बैलांच्या घुंगरांचा आवाज झाला. पलीकडून तिचे बाबा आणखी काहीतरी म्हणाले, या वेळी जरा हळू. छबी धावत आली. सासूबाई एकाएकी देवीची विझलेली वात सारखी करायला लागल्या. मामंजी आभाळाकडं बघू लागले. शिपाई पाठ करून उभा राहिला, पण त्याचे कान होते तिथंच होते.

सत्यभामेच्या हाताला पीठ लागलं होतं. छबीनं तोच हात धरून ओढला.

"आई, तुझंच ऱ्हायलं. बाबा इचारतेत, तुला काय पायजे? काय सांगू?"